पहिली मोठी ॲनिमेशन फिल्म एका राष्ट्राध्यक्षावर होती, राजकन्येवर नव्हे

संपादक महाशय,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत मुलांच्या पानावर एक चौकट आली होती, जगातली पहिली पूर्ण लांबीची ॲनिमेशन फिल्म म्हणजे १९३७ सालची डिस्नेची हिमगौरी आणि सात बुटके. माझ्या भाचीच्या मुलीनं ती चौकट कापून शाळेच्या प्रोजेक्टच्या वहीत फेविकॉलनं चिकटवली आणि मला दाखवायला आणली, आणि मला तिला सांगावं लागलं की बाय, हे बरोबर नाही गं. ती म्हणाली, पण पेपरात आलंय ना. आता ह्यावर मी काय बोलणार? म्हणून हे पत्र. थोडं लांबेल पण कृपा करून कापू नका, कारण चूक एकदोन वर्षांची नाही, तब्बल वीस वर्षांची आहे, आणि ती एकट्या तुमच्याकडे झालीय असंही नाही, सगळीकडेच होते.

हिमगौरीच्या वीस वर्षं आधी, ९ नोव्हेंबर १९१७ ला, अर्जेंटिनात ब्युनोस आयरिस शहरात एल आपोस्तोल नावाची फिल्म लागली. मूकपट, सुमारे सत्तर मिनिटांचा, आणि सगळाच्या सगळा चित्रांचा. आपोस्तोल म्हणजे काय हे गोव्यात वेगळं सांगायला नको, आपल्या ख्रिस्ती शेजाऱ्यांच्या कोकणीत आपोस्तल हाच शब्द आहे, येशूचा शिष्य. पण फिल्म येशूच्या शिष्यावर नव्हती, ती होती इपोलितो इरिगोयेन ह्यांच्यावर आणि हे गृहस्थ त्या वेळी अर्जेंटिनाचे राष्ट्राध्यक्ष होते, खुर्चीवर बसलेले, वर्षभरापूर्वीच निवडून आलेले. गुप्त मतदानाच्या नव्या कायद्याखाली निवडून आलेला तिथला पहिला राष्ट्राध्यक्ष हा. साधा राहणारा, कमी बोलणारा, भ्रष्टाचार धुऊन काढीन म्हणणारा, म्हणून त्याचे लोक त्याला प्रेषित मानायचे आणि फिल्मवाल्यांनी तेच नाव उचललं.

गोष्ट अशी की इरिगोयेन वर देवांच्या लोकात जातो, तिथून ज्युपिटरच्या विजा मागून आणतो आणि ब्युनोस आयरिसवर सोडतो, शहराची सगळी घाण जळून जावी म्हणून. शेवटी शहर जळतं. त्या जळीतासाठी आंद्रेस दुकाउद नावाच्या माणसानं पार्लमेंटची इमारत वगैरे शहरातल्या मोठमोठ्या इमारतींची मॉडेल्स बांधली होती. विचार करा, १९१७ साल, पहिलं महायुद्ध चालू आहे, आणि एका देशाचे लोक थिएटरात बसून आपल्याच राष्ट्राध्यक्षाला आपली राजधानी पेटवताना बघताहेत. ह्याला पोरांचा खाऊ कसं म्हणायचं?

हे करणारा मुलगा होता किरिनो क्रिस्तियानी, वय एकवीस. जन्म इटलीतला, १८९६ चा, लहानपणीच आईबापांबरोबर अर्जेंटिनाला आला. निर्माता फेदेरिको व्हाये, हाही मूळचा इटालियन, त्याचा बातमीपटांचा धंदा होता आणि बातमीपटात अधेमधे हलणारी व्यंगचित्रं टाकली तर लोकांना आवडतील असं त्याच्या डोक्यात आलं. एल आपोस्तोलच्या आधी क्रिस्तियानीनं त्याला एक मिनिटभराची छोटी फिल्म करून दिली, तीसुद्धा इरिगोयेनवरच, ब्युनोस आयरिस प्रांताच्या गव्हर्नरला त्यानं घालवलं त्या प्रकरणावर. म्हणजे अगदी पेपरात सकाळी येतं तसं राजकीय कार्टून, फरक एवढाच की ते हलत होतं. ते चाललं आणि मग थेट सत्तर मिनिटांची उडी.

मी तीस वर्षं ड्रॉइंग शिकवलं, फोंडा तालुक्यातल्या शाळांत, त्यामुळे मला ह्या सगळ्यात सर्वात जास्त ओढ कसली तर त्यानं केलं कसं ह्याची. तेव्हा अमेरिकेत पारदर्शक सेल्युलॉइडवर चित्र काढायची पद्धत नुकती निघाली होती, अर्ल हर्डचं पेटंट १९१४ चं. क्रिस्तियानीनं वेगळाच रस्ता धरला. त्यानं पुठ्ठा कापला. डोकं वेगळं, हात वेगळा, कोपरापासून पुढचा हात परत वेगळा, पाय वेगळे, आणि सांधे हलते ठेवून माणूस जोडला. वर कॅमेरा टांगलेला, खाली पुठ्ठ्याचा राष्ट्राध्यक्ष. हात जरासा सरकवा, फोटो घ्या, परत जरासा सरकवा, परत फोटो.

आपल्याला हे काही परकं नाही हो. पत्रादेवी ओलांडून सावंतवाडी, पुढे कुडाळ, आणि कुडाळजवळचं पिंगुळी, तिथले ठाकर कलाकार चामड्याच्या बाहुल्या कापून, सांधे जोडून, पडद्यामागे दिवा लावून पिढ्यान्पिढ्या रामायण नाचवत आलेत. परशुराम गंगावणे ह्यांना त्याच कामासाठी २०२१ ची पद्मश्री मिळाली. मी एकदा शाळेची ट्रिप तिथे नेली होती, मुलांना एक बाहुली हातात धरायला दिली तर एक मुलगा ओरडला, टीचर, हाचो हात हालता! बस, तेवढंच. ॲनिमेशनचं सगळं मूळ त्या एका वाक्यात आहे असं मला तेव्हा वाटलं आणि अजूनही वाटतं.

तर त्या ट्रिपनंतर आठवीच्या वर्गाला मी एल आपोस्तोलची गोष्ट सांगितली आणि फळ्यावर हिशोब मांडायला लावला. फिल्म सत्तर मिनिटं, मिनिटाला साठ सेकंद, आणि सेकंदाला चौदा चित्रं, त्या काळात एवढाच वेग धरला होता. करा गुणाकार. ५८,८००. आणि त्या फिल्मबद्दल जो आकडा सगळीकडे छापलेला असतो तो ५८,००० चित्रांचा. वर्गात एकदम शांतता झाली. गणितात नेहमी मागं राहणारी एक मुलगी उठून म्हणाली, टीचर, एवढे फोटो आमी काडूंक शकचे ना, पूण थोडे काडूंया. आणि खरंच काढले.

आमची फिल्म आबे फारियावर होती, संमोहनाचा अभ्यास करणारा गोव्याचा पाद्री तो. मी मुद्दाम म्हटलं होतं की राक्षस नको, सुपरहिरो नको, खरा होऊन गेलेला माणूस घ्या आणि तो गोव्याचा असू द्या. पणजीला जुन्या सेक्रेटरिएटशेजारी त्याचा पुतळा आहे, मडकईचे शिल्पकार रामचंद्र पांडुरंग कामत ह्यांनी केलेला, १९४५ पासून तिथे उभा आहे, हात पसरून बाईला संमोहित करतोय. सगळ्या मुलांनी बघितलेला, पण तो कोण हे कोणालाच माहीत नाही, काही जणांना तर तो कोणीतरी जादूगार वाटायचा. १७५६ ला कांदोळीत जन्मला, पंधराव्या वर्षी वडिलांबरोबर लिस्बनला गेला, मग रोम, मग पॅरिस. संमोहन म्हणजे भूतबाधा नाही की दुसऱ्याच्या अंगातून येणारी शक्ती नाही, ज्याला झोप लागते त्याच्याच मनात ते घडतं, हे त्यानं त्या काळात ठासून सांगितलं, आणि १८१९ ला पॅरिसमध्येच वारला. आणि ती दंतकथा तर गोव्यात घरोघरी सांगतात, लिस्बनला राणीसमोर प्रवचनाला उभा राहिला आणि घाबरून बोबडी वळली, तेव्हा बाप खालून कोकणीत कुजबुजला, ही सगळी भाजी, कातर रे भाजी! आणि पोरगा घडाघडा बोलायला लागला.

ती भाजी कापायची गोष्ट मूकपटात कशी दाखवणार? मुलांनी दाखवली. राणीच्या दरबारातली सगळी डोकी हळूहळू दुधी, वांगी, तांबडी भाजी होतात आणि फारियाचा हात कोयत्यासारखा खालीवर होतो. मला सुचलं नसतं. पुठ्ठे मिठाईच्या बॉक्सचे, सांधे शिवणाच्या दोऱ्याची गाठ मारून, मोबाइल दोन स्टुलांच्या मध्ये पट्टीवर पालथा ठेवलेला, सेकंदाला बारा फोटो, चाळीस सेकंदांची फिल्म, म्हणजे ४८० फोटो, त्याला आम्हाला तीन आठवडे लागले आणि तेही खिडकीतून ऊन आलं की सावली सरकते म्हणून पडदे लावून. एका मुलाच्या शिंकेनं दरबार उडाला तेव्हा अर्धा दिवस फुकट. मग ५८,००० चा अर्थ कळतो.

नंतर मी ती फिल्म आणि जुन्या मूक ॲनिमेशनचा एक तासाचा कार्यक्रम घेऊन एका सांस्कृतिक ऑफिसात गेले होते. सांगितलं, परवानगी नको, पैसे नको, फक्त हॉल द्या एक संध्याकाळ. तिथल्या साहेबांनी कागद न बघताच सांगितलं, कार्टून ना, बालदिनाला बघू. बालदिन आला आणि गेला. ते कोण, कुठलं ऑफिस, ह्यात मला जायचंच नाही, पण ते वाक्य माझ्या डोक्यातून जात नाही. कार्टून ना. तुमच्या पुरवणीतली चौकट मुलांच्या पानावर आली तीसुद्धा त्याच समजुतीतून. आणि ती समजूत कधीपासूनची ते बघा, कारण सुरुवातीला तर असं काही नव्हतंच. ही माणसं बहुतेक सगळी व्यंगचित्रातून, पेपरातून आलेली. फ्रान्सचा एमिल कोल व्यंगचित्रकार. अमेरिकेचा विन्सर मकाय पेपरात चित्रं काढून पोट भरणारा. एल आपोस्तोलमधल्या पात्रांचे चेहरे ज्यानं काढले तो दिओखेनेस ताबोर्दा हा ब्युनोस आयरिसचा नावाजलेला व्यंगचित्रकार, त्याची चित्रं इतकी भरगच्च असायची की हलवताच येईनात, शेवटी क्रिस्तियानीनं रेषा कमी करून सोपी केली. संपादक साहेब, हे तुमच्याच घरचं मूल आहे, अग्रलेखाच्या पानावरून उठून चालायला लागलेलं.

आणि ते चालायला लागलं की थेट सत्तेच्या अंगावर जायचं. क्रिस्तियानीची दुसरी फिल्म १९१८ ची, सिन देखार रास्त्रोस, म्हणजे मागमूस न ठेवता. ब्युनोस आयरिसमधला जर्मनीचा राजदूत काउंट फॉन लुक्सबुर्ग, त्यानं बर्लिनला गुप्त तार केली होती की अर्जेंटिनाची जहाजं एकतर सोडा नाहीतर अशी बुडवा की मागमूस राहणार नाही, आणि ती तार फुटली. अर्जेंटिना तर युद्धात तटस्थ. क्रिस्तियानीनं त्यावरच फिल्म काढली आणि सरकारनं लगेच दुसऱ्या दिवशी ती थिएटरातून उचलून नेली. नावाप्रमाणेच झालं, तिचाही मागमूस उरला नाही.

लिस्बनची एक गोष्ट तर गोव्याच्या वाचकांनी मुद्दाम ऐकावी अशी. पोर्तुगालची पहिली ॲनिमेशन फिल्म १९२३ ची, जोआकीं गेरेरो नावाच्या व्यंगचित्रकारानं केलेली, आणि तिचा विषय काय तर आंतोनियु मारियाचं दुःस्वप्न. हा आंतोनियु मारिया द सिल्व्हा म्हणजे त्या घटकेचा पोर्तुगालचा पंतप्रधान! त्याला झोपेत काय काय भयंकर दिसतं ते लिस्बनच्या एदेन थिएटरात नाटकाच्या खेळात लोकांना पडद्यावर दाखवलं. मूळ फिल्म हरवली, पण कागदावरची चित्रं राहिली आणि पुढे त्या चित्रांवरून ती परत जुळवली. आता १९२३ म्हणजे आपण त्याच सरकारच्या राज्यात होतो. ते रिपब्लिकचे दिवस, गोव्यातही पेपरांना जरा श्वास होता, हेगडे देसायांचा भारत तेव्हा निघत होता. तीनच वर्षांनी १९२६ ला लिस्बनला लष्करानं सत्ता घेतली, मग सालाझार आला, आणि मग गोव्यात लग्नाची पत्रिका छापायची तरी सेन्सॉरचा शिक्का लागायला लागला, हे आमच्या आजोबांनी आम्हाला कितीदा सांगितलंय. पंतप्रधानाचं दुःस्वप्न पडद्यावर दाखवणारा देश आणि लग्नाच्या पत्रिकेला घाबरणारा देश एकच, मध्ये फक्त काही वर्षं. ते एवढंसं कार्टून कशाचं माप होतं ते ह्यावरून कळतं.

मकायची फिल्म मात्र उरलीय आणि ती कोणीही आज बघू शकतो, लुसिटानिया बुडाल्याची, १९१८ ची, बारा मिनिटांची. लुसिटानिया हे नाव आपल्याला ओळखीचं वाटतं ते उगाच नाही, रोमन काळातलं पोर्तुगालचं जुनं नाव ते, त्यावरून ब्रिटिश कंपनीनं जहाजाचं नाव ठेवलं. ७ मे १९१५ ला आयर्लंडजवळ जर्मन पाणबुडीनं टॉर्पेडो मारला, अठरा मिनिटांत जहाज खाली, १,१९८ माणसं गेली. कॅमेरा तिथे नव्हता, फोटो नाही, काही नाही. मकायनं ठरवलं आपण काढू. जवळजवळ बावीस महिने काढत बसला, पंचवीस हजारांच्या आसपास चित्रं, ह्या वेळी सेल्युलॉइडवर. आणि मधेच तो बुडालेल्या चार नामवंतांचे चेहरे दाखवतो, कोट्यधीश व्हँडरबिल्ट, नाटकवाला फ्रोमन वगैरे, म्हणजे ही गोष्ट नाही, ही माणसं खरी होती, गेली. माझ्यासारख्या चित्रवालीला त्यातला धूर बघवत नाही, इतका तो खरा आहे, काळे लोट वळत वळत वर जातात आणि छोट्या छोट्या ठिपक्यांसारखी माणसं जहाजाच्या कडेवरून पडत राहतात. शेवटी पाण्याखाली आई आपलं बाळ वर धरते. फिल्म युद्धाच्या प्रचाराची आहे, जर्मनांविरुद्ध राग पेटवणारी आहे, ते मी लपवत नाही आणि मुलांना दाखवताना तेही सांगायला पाहिजे. पण मकाय ज्यांच्या पेपरात नोकरीला होता ते हर्स्ट मालक तर युद्धात पडण्याच्या विरोधात होते, तरीही ह्यानं स्वतःच्या हिमतीवर ती पुरी केली.

अमेरिकेतच १९१३ पासून जॉन ब्रे ह्या निर्मात्याच्या स्टुडिओतून कर्नल हीझा लायर ह्या थापाड्या कर्नलाच्या फिल्म निघत होत्या, त्यात माजी राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्टच्या आफ्रिकेतल्या शिकारीची टर उडवलेली. आणि जपानमध्ये कोउची जुनइची. त्यानं १९१७ मध्ये बोथट तलवारीच्या सामुराईची छोटीशी फिल्म केली आणि पुढे १९२६ मध्ये गोतो शिंपेई ह्या मोठ्या पुढाऱ्यासाठी प्रचाराची फिल्म केली, राजकारणात नीतिमत्ता पाहिजे ह्या विषयावर. प्रचाराला आज सगळे पक्ष कार्टूनचे व्हिडिओ काढतात, ते शंभर वर्षांपूर्वी झालंय बघा.

आपले फाळके ह्यात कुठे? अगदी मध्यात. त्र्यंबकेश्वरला जन्मलेला हा माणूस जे.जे.त शिकला, बडोद्याच्या कलाभवनात शिकला, फोटोग्राफी, छपाई, जादूचे खेळ सगळं केलं, आणि राजा हरिश्चंद्रच्या आधी कुंडीतल्या वाटाण्याचा कोंब रोज थोडा थोडा वाढताना एकेक चित्र घेऊन फिल्म केली. मग १९१५ मध्ये आगकाड्यांची मौज, काडेपेटीतल्या काड्या आपल्याआप चालणाऱ्या. आणि इथे मला फार आनंद होतो तो असा की तिकडे व्हायेनं क्रिस्तियानीला शिकायला म्हणून जी फिल्म दाखवली ती एमिल कोलची, १९०८ ची, जिवंत आगकाड्यांचीच! एक मुलगा ब्युनोस आयरिसला, एक आपले दादासाहेब नाशिकला, एक काड्या हलताना बघून शिकतोय, दुसरा स्वतः काड्या हलवतोय आणि दोघांना एकमेकांचं नावही माहीत नाही. आपल्याकडे मग कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी १९२३ ला सिंहगड केला, तानाजीवर, पण ती माणसांची फिल्म, चित्रांची नव्हे. चित्रांतून इतिहास हलवायचं आपल्याकडे तेव्हा राहूनच गेलं. फाळक्यांनी आणखी दहा वर्षं काड्यांचा नाद ठेवला असता आणि कोणी पैसे घातले असते तर... पण ते जाऊ दे.

आता मुख्य दुखणं. एल आपोस्तोल आज जगात कोणाकडेच नाही. १९२६ मध्ये व्हायेच्या स्टुडिओला आग लागली आणि फिल्म गेली. ज्या फिल्ममध्ये शहर जळतं ती स्वतः जळाली. क्रिस्तियानीनं १९३१ मध्ये परत इरिगोयेनवरच पेलुदोपोलिस काढली, ह्या वेळी आवाजासकट, तीही गेली, त्याच्या स्वतःच्या स्टुडिओतल्या आगींत, १९५७ आणि १९६१. म्हातारा १९८४ पर्यंत जगला, म्हणजे आपलं बहुतेक सगळं काम जळाल्यावर दोन दशकांहून जास्त. हे मला फार लागतं. आणि आपण दुसऱ्यांना काय बोलायचं, आपल्या देशात तेराशेच्या आसपास मूकपट झाले त्यातले पुरे-अर्धे धरून जेमतेम तीसेक उरलेत, राजा हरिश्चंद्रसुद्धा पुरा नाही, आणि पुण्याच्या चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेटच्या रिळांना २००३ च्या जानेवारीत आग लागली ती वेगळीच.

जळतं का एवढं, तर तेव्हाची ३५ मिलिमीटरची फिल्म नायट्रेटची असायची, साधारण १९५० पर्यंत. ती एकदा पेटली की स्वतःचा ऑक्सिजन स्वतः तयार करते, पाण्यात बुडवली तरी विझत नाही. न पेटता नुसती ठेवली तरी दमट हवेत आधी पिवळी पडते, मग चिकट होते, शेवटी तपकिरी भुकटी. आणि गोव्याचा पावसाळा तुम्हाला सांगायला नको, आमच्याकडे चपलांना बुरशी येते तिथे फिल्मचं काय.

हे मी का सांगते, कारण गोव्यातल्या जुन्या घरांच्या माळ्यांवर काय काय आहे हे घरच्यांनाही माहीत नाही. कोण लिस्बनला होता, कोण मोझांबिकला, कोण बोटीवर, कोण पूर्व आफ्रिकेत, आणि येताना ट्रंका भरून सामान. त्यात पाथे बेबीचे छोटे प्रोजेक्टर १९२२ नंतर जगभर घरोघरी गेले होते, त्यांची फिल्म साडेनऊ मिलिमीटरची, भोकं कडेला नसून मधोमध असतात, त्यावरून लगेच ओळखता येते आणि ती नायट्रेटची नसते, सुरक्षित असते. जपानच्या त्या कोउचीची बोथट तलवारवाली फिल्म पण हरवली म्हणूनच धरून चालले होते, आणि ओसाकाच्या जुन्या सामानाच्या बाजारात मिळाली, २००८ मध्ये सगळ्यांना कळलं. नव्वद वर्षांनी! म्हणून माझी वाचकांना विनंती आहे, चतुर्थीच्या आधी माळा साफ करताना गोल पत्र्याचा डबा सापडला तर भंगारवाल्याला देऊ नका. उघडून उन्हात पसरू नका, चुलीजवळ, दिव्याजवळ न्यायचं नावच नको, कोरड्या सावलीत ठेवा, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा, ते १९६४ पासून हेच काम करतात.

आणि इफ्फी, आपला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव. २००४ पासून दर वर्षी पणजीला जगभरच्या फिल्म येतात, माझ्यासारख्या बायका पास काढून रांगेत उभ्या राहतात. तिथे एक संध्याकाळ ह्या मूक ॲनिमेशनला द्यावी, बालदिनाची म्हणून नव्हे, सरळ मोठ्यांच्या कार्यक्रमात. लुसिटानिया बारा मिनिटं, कर्नल हीझा लायरच्या एकदोन, जपानची सामुराई, लिस्बनचं ते परत जुळवलेलं दुःस्वप्न मिळालं तर त्याहून चांगलं, सगळं मिळून तासभर. आणि संगीत इथलंच वाजू दे, घुमट, शामेळ, कासाळें. मूकपट कधी मुके नसायचेच, थिएटरात कोणी ना कोणी वाजवायचंच. घुमटाच्या घुमण्यावर ते जहाज बुडताना बघितलं तर अंगावर काटा येईल, मी घरी टीव्हीचा आवाज बंद करून आमच्या वाड्यावरच्या आरतीचं रेकॉर्डिंग लावून बघितलंय.

शेवटची विनंती तुम्हाला. एल आपोस्तोल पडद्यावरून गेली पण आज तिच्याबद्दल आपल्याला जे कळतं त्यातलं कितीतरी त्या वेळच्या ब्युनोस आयरिसच्या पेपरांमुळे. कोणीतरी उपसंपादकानं परीक्षण लावलं, कोणीतरी थिएटरची जाहिरात छापली, तेवढ्यावर त्या फिल्मचं नाव टिकलं. आपल्याकडेही गोव्यात मूकपट येत होते, पणजीत, मडगावात, आणि त्यात ॲनिमेशन होतं का, कुठलं होतं, ते जुन्या मराठी आणि पोर्तुगीज पेपरांच्या जाहिरातींतच असणार. पणजीच्या पाटोवर कृष्णदास शामा ग्रंथालयात जुन्या फाइली आहेत, १८३२ सालची लायब्ररी ती. तुमच्या ऑफिसातही असतील. एखाद्या तरुण वार्ताहराला महिनाभर ह्या कामाला बसवा. निवृत्त माणसं मदतीला मिळतील, पोर्तुगीज वाचणारी आमच्या ओळखीत अजून दोघं-तिघं आहेत, ती आहेत तोवर करा. आणि काही सापडलं तर मुलांच्या पानावर नको, मधल्या पानावर छापा.

चौकटीची दुरुस्ती मात्र ह्याच रविवारी आली तर बरं. पहिली पूर्ण लांबीची ॲनिमेशन फिल्म, एल आपोस्तोल, १९१७, अर्जेंटिना, किरिनो क्रिस्तियानी. उरलेल्यांतली सर्वात जुनी, जर्मनीच्या लोटे रायनिगरची प्रिन्स अखमेद, १९२६, तीही काळ्या कागदाच्या सावल्या कापून केलेली. एवढं दोन ओळींत बसतं. आमची बाय कात्री घेऊन थांबलीय, जुन्या कात्रणावर नवं चिकटवायला.

आपली,
एक निवृत्त ड्रॉइंग टीचर,
फोंडा-गोवा